वाट दिसत असताना वाटाड्या कशाला

एव्हरेस्ट बेस कॅम्पला जायचं ठरलं तेव्हा सगळ्यात जास्त वेळा कानावर आलेला प्रश्न एकच होता : गाइड कशाला घेता? विमान उतरतं त्या लुकलापासून शेवटच्या मुक्कामाच्या गोरक्षेपपर्यंत वाट मळलेली आहे. खेचरं, झोपक्यो (याक आणि गाईच्या संकरातली जनावरं) आणि माणसं यांच्या पायांनी ती इतकी रुळली आहे की चुकायची म्हटलं तरी मुश्कील. दर दोन-तीन तासांनी गाव लागतं, गावात टी-हाउस असतं, तिथं गरम जेवण आणि पलंग मिळतो. फोनवर नकाशा असतोच. नेपाळ सरकारनं १ एप्रिल २०२३ पासून परदेशी ट्रेकरना गाइड सक्तीचा केला खरा, पण खुंबूच्या, म्हणजे याच एव्हरेस्ट भागाच्या, स्थानिक पालिकेनं आपल्या भागात तो नियम लावायला नकार दिला. मग पैसे मोजून माणूस बरोबर कशाला घ्यायचा?

प्रश्न रास्त आहे. त्याचं नीट उत्तर मला तिथं जाऊन आल्यावरच देता येतंय. वाट दाखवायला त्या मार्गावर खरोखरच कुणी लागत नाही. गाइड लागतो तो आपल्याला हळू चालवायला, एका जागी थांबवून ठेवायला आणि वेळ आलीच तर मागे फिरवायला. ही तिन्ही कामं आपली आपल्याला जमतील असं घरात बसून वाटतं. पाच हजार मीटरवर ती जमतीलच असं नाही, आणि त्याचं कारण आपल्या स्वभावात जेवढं आहे त्याहून जास्त आपल्या शरीरात आहे.

लुकलाची धावपट्टी ५२७ मीटर लांबीची, जवळजवळ बारा टक्के चढाची. १९६४ साली एडमंड हिलरींच्या पुढाकारानं ती बांधली गेली. विमान चढावर उतरतं आणि उतारावरून सुटतं, त्यामुळे पहिला अर्धा तास सगळेजण फक्त त्याच्याबद्दलच बोलत असतात. मला मात्र आमच्या गाइडनं, दाईनं (नेपाळीत दाई म्हणजे थोरला भाऊ), केलेला हिशेब जास्त महत्त्वाचा वाटला. काठमांडू १,४०० मीटरवर, लुकला २,८६० मीटरच्या आसपास. म्हणजे अर्ध्या-पाऊण तासात दीड हजार मीटर उंची आपण एकही पाऊल न टाकता मिळवलेली असते. म्हणून पहिल्या दिवशी वर जायचंच नाही. पासांग ल्हामू शेर्पा या एव्हरेस्ट चढलेल्या पहिल्या नेपाळी स्त्रीच्या नावाची कमान ओलांडली, की वाट दूधकोशी नदीच्या दिशेनं खाली उतरते. फाकदिंगचा मुक्काम २,६१० मीटरवर, म्हणजे लुकलाच्याही खाली. पासांग ल्हामू १९९३ च्या एप्रिलमध्ये शिखरावर पोहोचल्या आणि उतरताना गेल्या. त्या कमानीखालून जाताना दाईनं टोपी काढली. बाकी काही बोलला नाही.

आम्ही सगळे त्याला दाई म्हणायचो. तो बायकांना दिदी म्हणायचा, पुरुषांना सर. सोलुखुंबूचा, चाळिशी उलटलेला, हिंदी उत्तम बोलणारा माणूस. तो सगळ्यांच्या पुढे चालायचा, दोन्ही हात पाठीमागे बांधून. मी पहिल्या काही दिवसांत त्याचे पायच बघत होते. चवडा आधी नाही की टाच आधी नाही, सबंध तळवा एकदम टेकायचा. मागचा पाय गुडघ्यात सरळ झाला की क्षणभर सगळा भार त्याच्यावर, तेवढ्यात पुढच्या पायाचे स्नायू मोकळे, मग पुढचं पाऊल. चढ कितीही उभा असला तरी या चालीत फरक पडायचा नाही. आणि चालता चालता तो मागे न बघता प्रश्न विचारत राहायचा. मुलगी कितवीत आहे, ऑफिसला जायला किती वेळ लागतो, गावाकडे शेती आहे का. त्याला गप्पांची हौस आहे असं सगळ्यांना वाटत होतं. नंतर लक्षात आलं की तो उत्तर ऐकत नव्हता, उत्तर देणाऱ्याचा श्वास ऐकत होता. वाक्य मध्ये तुटलं की त्याची चाल तेवढ्यानं मंदावायची.

या सगळ्या सावकाशीमागचं शास्त्र मला फार मोलाचं वाटतं, म्हणून ते जरा सविस्तर सांगते.

समुद्रसपाटीला हवेत जवळजवळ २१ टक्के प्राणवायू असतो आणि एव्हरेस्टच्या माथ्यावरही २१ टक्केच असतो. कमी होतो तो हवेचा दाब. बेस कॅम्प ५,३६४ मीटरवर आहे. तिथं हा दाब समुद्रसपाटीच्या निम्म्याच्या आसपास उरतो, म्हणून एका श्वासात छातीत जाणारा प्राणवायूही साधारण निम्माच. शरीर यावर पहिला उपाय करतं तो भराभर आणि खोल श्वास घेण्याचा. पण तसं केलं की कार्बन डायऑक्साइडही जास्त बाहेर पडतो, रक्त किंचित अल्कधर्मी होतं, आणि मेंदूतलं श्वसनकेंद्र श्वासाला आवर घालू पाहतं. प्राणवायू कमी म्हणून श्वास वाढव, आणि कार्बन डायऑक्साइड कमी म्हणून श्वास कमी कर, असे दोन उलटे हुकूम एकाच वेळी सुटतात. हा तिढा सोडवतात मूत्रपिंडं. ती बायकार्बोनेट लघवीवाटे बाहेर टाकतात, रक्त पुन्हा जागेवर येतं आणि श्वासाला मोकळीक मिळते. मात्र या कामाला त्यांना काही दिवस लागतात. तांबड्या पेशी वाढायला तर आठवडे जातात.

उंचीच्या त्रासासाठी घेतात ती डायमॉक्सची गोळीही हेच करते. बायकार्बोनेट लवकर बाहेर टाकायला ती मूत्रपिंडांना भाग पाडते. त्रास झाकणारी गोळी म्हणून लोक तिच्याकडे संशयानं बघतात, ते बरोबर नाही. जुळवून घेण्याचं कामच ती लवकर सुरू करून देते. बोटांना मुंग्या येतात, रात्री उठावं लागतं, पण ती आपलं काम करते. अर्थात ती आपल्याला चालेल का, हे निघण्यापूर्वी डॉक्टरनं सांगायचं, टी-हाउसमधल्या शेजाऱ्यानं नव्हे.

यातून एक गोष्ट निघते, आणि भलेभले तीच विसरतात : व्यायाम केलाय म्हणून मूत्रपिंडं घाई करत नाहीत. रोज दहा किलोमीटर धावणारा आणि रोज अर्धा तास फिरणारा, दोघांनाही उंचीचा त्रास होण्याची शक्यता सारखीच. उलट धावणाऱ्याला मी जास्त जपेन, कारण त्याचे पाय त्याला शरीराची तयारी होण्याआधीच वर नेऊन पोहोचवतात.

तीन हजार मीटरच्या वर गेलं की झोपण्याची उंची एका दिवसात पाचशे मीटरपेक्षा जास्त वाढवू नये आणि दर तीन-चार दिवसांनी एक मुक्काम वाढवावा, असा डॉक्टरांचा दंडक आहे. या वाटेवरची गावं त्या दंडकाशी लावून बघितली तर मजा वाटते. नामचे बाजार ३,४४०, तेंगबोचे ३,८६०, डिंगबोचे ४,४१०, लोबुचे ४,९४०, गोरक्षेप ५,१६४. दोन ठिकाणी नियम थोडा वाकतो, म्हणून नामचेला आणि डिंगबोचेला प्रत्येकी एक रात्र जास्त. काही कंपन्या स्वस्त आणि झटपट ट्रेक विकताना नेमकी हीच रात्र कापतात. कार्यक्रमपत्रिका हातात आली की फोटो बघण्याआधी या रात्री मोजाव्यात.

नामचेच्या त्या जास्तीच्या दिवशी आराम असेल असं वाटलं होतं. दाईनं सकाळीच स्यांगबोचेच्या धावपट्टीकडे चढवलं, तिथून पुढे ३,८८० मीटरवरच्या हॉटेलच्या गच्चीपर्यंत नेलं आणि जेवायच्या वेळेला परत नामचेत आणलं. वर जाऊन यायचं, पण झोपायचं खाली. शरीराला पुढच्या उंचीची चुणूक दाखवायची आणि रात्री त्याला सावरायला वेळ द्यायचा. त्या गच्चीवरून ल्होत्सेच्या शेजारी एव्हरेस्टचा काळा त्रिकोण दिसतो, आणि अमा दबलाम तर असा समोर की बाकी कशाकडे बघवत नाही. माझ्या मते या सबंध वाटेवरचं सगळ्यात देखणं शिखर तेच. उंचीनं ते ७,००० मीटरलाही पोहोचत नाही, ६,८१२ आहे, पण तेंगबोचेपासून डिंगबोचेपर्यंत तेच सोबतीला असतं.

नामचेपासून रोज संध्याकाळी एक ठरलेला कार्यक्रम असायचा. टी-हाउसच्या जेवणघरात मधोमध लोखंडी शेगडी, तिच्यात याकच्या वाळलेल्या शेणाच्या गोवऱ्या. सबंध इमारतीत ऊब असलेली ती एकच जागा. दाई पल्स ऑक्सिमीटर, म्हणजे रक्तातल्या प्राणवायूचा टक्का दाखवणारं यंत्र, घेऊन एकेकाशेजारी बसायचा. गार बोटावर यंत्र आकडा चुकीचा दाखवतं, म्हणून आधी दोन्ही तळव्यांत आपलं बोट धरून चोळायचा. नखाला रंग असेल तर दुसरं बोट. मग आकडा स्थिरावेपर्यंत यंत्राकडे न बघता आपल्या चेहऱ्याकडे बघत राहायचा. सिरदर्द है? भूख लगी? कल रात नींद आई? चक्कर? आकडा तो वहीत लिहायचा, पण मोठ्यानं कधीच वाचायचा नाही. आमच्यातल्या एकानं कारण विचारलं तेव्हा म्हणाला, "सुनके फिर सब लोग कंपिटिशन करते हैं, सर." खरं होतं ते. गोरक्षेपला ८० च्या आसपास आकडा येणारा माणूसही ठणठणीत असू शकतो आणि त्याहून वरचा आकडा येणारा आजारी असू शकतो. डोकेदुखी, भूक, मळमळ, थकवा, चक्कर यांचीच आधी विचारपूस करायची असते. तिथं माणसानं खरं बोललं तरच उपयोग.

आणि खरं बोलणं सोपं नसतं. इतके पैसे भरलेले असतात, रजा घेतलेली असते, घरच्यांना सांगून आलेलो असतो. डोकं दुखत असलं तरी 'नाही' हा शब्द आपोआप तोंडात येतो. माझ्या खोलीत बँकेतून निवृत्त झालेल्या एक काकू होत्या. त्या दररोज प्रत्येक गोष्ट जशीच्या तशी सांगायच्या : आज डावीकडे दुखलं, दोन तास दुखलं, अर्धीच पोळी गेली, जुलाब नाहीत. सुरुवातीला काही तरुण मंडळी गालात हसायची. पण दाई सगळ्यात निर्धास्त त्यांच्याच बाबतीत असायचा, कारण त्यांच्याबद्दल त्याला अंदाज बांधावा लागत नव्हता. काकू शेवटपर्यंत पोहोचल्या, आणि त्यांना बघून बाकीचेही हळूहळू खरं बोलायला लागले.

आमची बोटं तपासून झाली की दाई तेच यंत्र घेऊन मागच्या बाजूला, पोर्टर मंडळींच्या खोलीत जायचा. हे मी नामचेत पाहिलं आणि माझा त्याच्यावर विश्वास बसला तो तिथं. डोंगरात ओझी वाहणारा प्रत्येक माणूस शेर्पा असतो, आणि शेर्पाला उंचीचं काही वाटत नाही, असं आपण धरून चालतो. शेर्पांच्या शरीरात पिढ्यान्‌पिढ्यांचे बदल झालेले आहेत हे खरं. तिबेटी लोकांप्रमाणे त्यांच्यातही ईपीएएस१ या जनुकाचं वेगळं रूप आढळतं, त्यामुळे उंचीवर त्यांचं रक्त आपल्यासारखं दाट होत नाही. पण या वाटेवरचे बरेच पोर्टर राई, तामांग, मगर अशा दुसऱ्या जमातींचे असतात, खालच्या टेकड्यांतून हंगामापुरते वर आलेले. त्यांचं शरीर उंचीच्या बाबतीत तुमच्या-माझ्यासारखंच असतं, फक्त कपाळावर ओझं पेलणारा नाम्लोचा पट्टा आणि पाठीवर दोन-तीन जणांच्या बॅगा असतात. पोर्टरांच्या हक्कांसाठी झटणाऱ्या संस्थांनी नेपाळसाठी ३० किलोची मर्यादा सांगितली आहे. ती पाळली जातेय का, हे बघायला ट्रेकरला एक मिनिट लागतं. आमच्यापैकी एका पोर्टरला तेंगबोचेत डोकेदुखी सुरू झाली. दाईनं त्याचं ओझं इतरांत वाटलं आणि दुसऱ्या दिवशी त्याला मोकळ्या हातानं चालवलं. ही बातमी आम्हाला सांगायचीही त्याला गरज वाटली नव्हती. मीच विचारलं म्हणून कळलं.

तेंगबोचेचा चढ कठीण आहे. नामचेहून निघाल्यावर कमावलेली उंची आधी फुंकी थेंगाला नदीपाशी देऊन टाकावी लागते आणि मग सहाशे मीटर नव्यानं चढावं लागतं. वर गोम्पा, म्हणजे बौद्ध मठ. १९३४ च्या भूकंपात पडलेला आणि पुन्हा बांधलेला, १९८९ मध्ये आगीत जळालेला आणि पुन्हा बांधलेला. डिंगबोचेच्या वाटेवर झाडं संपतात, भिंतीभिंतींची बटाट्याची शेतं सुरू होतात. तिथं रात्री मला एक नवी गोष्ट कळली. काकूंचा श्वास ऐकत पडले होते. चार-पाच खोल श्वास, मग उथळ, मग अजिबात नाही. मी मनात मोजायला लागले. बऱ्याच वेळानं एक मोठा उसासा, आणि पुन्हा तेच चक्र. भीतीनं उठून बसले, पण दाईनं हे आधीच सांगून ठेवलं होतं. झोपेत ते दोन उलटे हुकूम आलटून पालटून चालतात, म्हणून श्वास असा लाटांनी येतो. उंचीवर हे बहुतेकांना होतं आणि त्याचा अर्थ आजार असा नसतो. सकाळी काकू म्हणाल्या, तुझाही श्वास थांबत होता, मीही मोजत होते.

डिंगबोचेहून लोबुचेला जाताना थुकला लागतं, आणि थुकलाच्या वर चढून गेलं की खिंडीत दगड रचून केलेली स्मारकं. एव्हरेस्टवर मृत्यू आलेल्यांची. बाबू छिरी शेर्पांचंही तिथं आहे. १९९९ मध्ये कृत्रिम प्राणवायूशिवाय एकवीस तास शिखरावर राहिलेला हा माणूस दोन वर्षांनी त्याच डोंगरावरच्या हिमभेगेत पडून गेला. दाई तिथं आम्हाला जास्त वेळ थांबू देत नव्हता, वारा फार होता.

लोबुचेला त्या दिवशी संध्याकाळी जे झालं, त्यामुळे मी हे लिहिते आहे.

आमच्यात तिशीतला एक मुलगा होता, मॅरेथॉन धावणारा. स्वभावानं मोकळा, सगळ्यांच्या सॅका उचलायला पुढे. डिंगबोचेपर्यंत त्याला काहीही झालं नव्हतं. लोबुचेत पोहोचल्यावर तो बाकावर बसला तो उठलाच नाही. लसणाचं सूप तसंच राहिलं. दाई त्याच्याजवळ गेला. डोकं? थोडंसं. दमलोय, बाकी काही नाही. जेवला का नाहीत? इच्छा नाही. दाईनं आणखी काही विचारलं नाही. जेवणघराच्या जमिनीला लाकडी फळ्या होत्या. त्यानं दोन फळ्यांमधली फट दाखवली आणि म्हणाला, "सर, इस लकीर पे चलके दिखाइए. एड़ी से पंजा मिलाके."

तो उठला. पहिलं पाऊल बरोबर पडलं. दुसऱ्याला हात पसरले. तिसरं पाऊल रेघ सोडून बाजूला गेलं आणि त्यानं टेबलाची कड धरली. जमीनच तिरकी आहे, असं म्हणून तो हसला. शेगडीभोवतीचे आम्ही सगळे गप्प झालो. दाईनं आपल्या मदतनिसाकडे बघून नेपाळीत दोन वाक्यं सांगितली आणि तो प्राणवायूची नळकांडी आणायला पळाला.

"अभी नीचे जाएँगे, सर."

"कल सुबह देखते हैं ना, दाई. सोऊंगा तो ठीक हो जाएगा."

"अभी."

त्यानं आवाज चढवला नाही की समजूतही घातली नाही. मुलगा चिडला, जे त्याच्या स्वभावात मुळीच नव्हतं. मग माझ्याकडे वळून म्हणाला, "ताई, तुम्ही सांगा ना याला. एवढं काही झालेलं नाही." मी त्याला म्हटलं, तू निघ, तुझी सॅक मी भरते. जाकीट घालायला दिलं तर त्याला चेन लावता येईना. खालचं टोक खाचेत बसवायचा तो पुन्हा पुन्हा प्रयत्न करत होता, बोटं खाचेच्या बाजूला जात होती, आणि त्याला त्याचं काहीच वाटत नव्हतं. शेवटी काकूंनी ती लावून दिली.

उंचीच्या आजाराची दोन भयंकर रूपं आहेत. एकात फुप्फुसात पाणी होतं, दुसऱ्यात मेंदूला सूज येते. तोल जाणं ही दुसऱ्याची खूण, आणि तिच्यावर खरा इलाज एकच : खाली उतरणं, अंधार असला तरी, थंडी असली तरी. प्राणवायू आणि औषधं उतरण्यासाठी वेळ मिळवून देतात. त्या मुलाला आपण आजारी आहोत हे कळत नव्हतं, कारण ज्या मेंदूनं ते ओळखायचं, तोच सुजायला लागला होता. घरात बसून मी म्हणू शकते की त्रास झाला तर मी उतरेन. पण त्रास होतोय हे ठरवणारी मी तेव्हा मीच असेन याची काय खात्री? त्या वाटेवर गाइड कशाला, याचं उत्तर मला त्या संध्याकाळी मिळालं. आपला विवेक शाबूत नसेल तेव्हा वापरायला दुसऱ्याचा विवेक बरोबर असावा.

मदतनीस आणि एक पोर्टर त्याला दोन्ही बाजूंनी धरून निघाले. डोक्यावरचे दिवे थुकलाच्या दिशेनं गेले. फेरिचेला हिमालयन रेस्क्यू असोसिएशनचं मदत केंद्र आहे. ही संस्था १९७३ पासून काम करते आणि वसंत-शरदाच्या हंगामात तिथं स्वयंसेवक डॉक्टर असतात. लोबुचेपेक्षा ते पाचशे मीटरहून जास्त खाली आहे. रात्री उशिरा दाईच्या फोनवर निरोप आला, पोहोचले, औषध सुरू आहे. सकाळी आला तो निरोप त्या मुलाचा स्वतःचा होता : रेघेवर सरळ चाललो. त्यानंतर त्याला आणखी खाली पाठवलं.

नाश्त्याच्या वेळी मी दाईला विचारलं, तो नाहीच म्हणाला असता तर? दाईनं चहा ओतला आणि म्हणाला की तसं बरेचदा होतं. काही जण ओरडतात, काही पैशाबद्दल बोलतात, काही म्हणतात की कंपनीला तक्रार करू. "उस टाइम वो आदमी नहीं बोलता, दिदी, हाइट बोलता है." त्याच्या बोलण्यात राग नव्हता, पण मला त्यात एक मोठी अडचण दिसली. ज्याच्या पैशावर याचं घर चालतं, त्यालाच यानं नाही म्हणायचं असतं. कमाईचे हंगाम वर्षात दोन. बक्षिशी शेवटी मिळते, आणि ती खुशीवर ठरते. शिखर किंवा बेस कॅम्प गाठून न दिल्याचा राग इंटरनेटवर निघतो. अशा माणसाकडून आपण अपेक्षा करतो की त्यानं ठामपणे आपल्याला परत फिरवावं. तो ते करतो, हे त्याचं मोठेपण आहे. पण ते त्याच्या एकट्याच्या मोठेपणावर सोडणं आपल्याला शोभत नाही. पहिल्याच संध्याकाळी, सगळ्यांसमोर, ट्रेकरनी आपल्या तोंडानं सांगायला हवं की तब्येतीबाबत तुमचा शब्द शेवटचा, आणि खाली उतरावं लागलं तरी बक्षिशी तेवढीच. पुढच्या कुठल्याही ट्रेकला मी हे बोलल्याशिवाय पाऊल टाकणार नाही.

बेस कॅम्पबद्दल फार सांगण्यासारखं नाही. गोरक्षेपहून दगडगोट्यांच्या ढिगांवरून जात राहायचं. एका मोठ्या शिळेभोवती पताका बांधलेल्या, फोटोसाठी रांग. तिथून एव्हरेस्टचं शिखर दिसत नाही. ते बघायला काला पत्थरवर चढावं लागतं. समोर असते ती खुंबूची हिमप्रपात, निळ्या-पांढऱ्या बर्फाची अक्राळविक्राळ घसरण. १८ एप्रिल २०१४ ला तिथं कोसळलेल्या बर्फाखाली सोळा नेपाळी कामगार गेले. ते सगळे दुसऱ्यांसाठी दोर आणि सामान वाहत होते. काकू त्या हिमप्रपातीकडे तोंड करून बराच वेळ हात जोडून उभ्या होत्या. आम्ही पाणी प्यायलो आणि दाईनं दीड वाजता सगळ्यांना उठवलं. ढग येत होते.

परतीच्या वाटेवर तो मुलगा नामचेत भेटला. चेहरा पूर्ववत, भूक राक्षसी. दाईला त्यानं मिठी मारली. दाई ओशाळल्यासारखा झाला आणि म्हणाला, मिठी मदतनिसाला मारा, रात्री चालला तो. मग त्या मुलानं खरंच मदतनिसाला आणि त्या पोर्टरला शोधून काढलं. दोघे मागच्या अंगणात बॅगा बांधत बसले होते.

आता कुणी मला विचारलं की गाइड निवडताना काय बघायचं, तर मी भाषा आणि स्वभाव नंतर बघा म्हणते. आधी विचारा, एक माणूस आजारी पडला तर त्याच्याबरोबर खाली कोण जाणार? मदतनीस नसेल तर सबंध गटाला तरी उतरावं लागेल किंवा आजाऱ्याला एकटं तरी जावं लागेल, आणि दुसरी गोष्ट कधीच घडता कामा नये. प्राणवायू बरोबर आहे का आणि तो कुणाच्या पाठीवर असतो, हे विचारा. पोर्टरांचा विमा आहे का आणि त्यांना झोपायला कुठे मिळतं, हेही विचारा. या शेवटच्या प्रश्नावर जो अडखळेल, त्याच्याबरोबर मी जाणार नाही, कारण जो पोर्टरची काळजी घेत नाही तो माझीही फक्त पैसे मिळेपर्यंत घेईल.

तो मुलगा पुन्हा जाणार आहे, त्याच वाटेनं. दाईला त्यानं कळवलंही. दाईचं उत्तर लगेच आलं : या, पण या वेळी डिंगबोचेहून थेट लोबुचे नाही, मध्ये एक रात्र थुकलाला राहायचं, आणि तेवढी रजा मिळत नसेल तर पुढच्या वर्षी या. त्यानं रजेचा अर्ज टाकलाय.